आडवं लाकूड

अनसेल्मो उर्रुतिया हे नाव
आमच्या वस्तीत कुणाच्या जिभेवर बसेना.
त्याचं आधी उरुत्या झालं, मग नुसतं उरत्या.
पुढे कंपनी गेली, बाकीचे साहेब गेले,
हा उरला.
तेव्हा नाव बरोबर बसलं.

माझा आजा यल्लप्पा धोत्रे त्याचा गोलकीपर.
मी बोअरच्या गाडीवर असतो,
सातपूरपासून सिन्नरपर्यंत भोकं पाडत,
म्हणून ही गोष्ट माझ्या वाट्याला आली.
थोरला बँकेत आहे. त्याला नको होती.

तो तांबं शोधायला आला होता.
त्याआधी स्पेनात, समुद्राकाठच्या लोखंडी डोंगरात
आठवडाभर खाण, रविवारी फुटबॉल.
चेंडू इंग्रज खलाशांचा, नियम अर्धेमुर्धे ऐकलेले.
एकदा कुठलासा चषक जिंकले.
फोटोत अकरा मिशा आहेत,
डावीकडून तिसरी त्याची.

विहितगावच्या शिवारात दीड वर्ष त्याने दगड ठोकला,
ठोकायचा आणि कान लावायचा.
काळा दगड. खाली काळा दगड.
मग हातभर लाल मातीचा पट्टा,
की पुन्हा काळा.
मुंबईला तार केली : काही नाही.
कंपनीने तंबू परत मागवले.
याने आपला विकत घेतला.

मग विहिरी. सुरुंग आमचा, माप त्याचं.
आजी सांगायची, मराठी त्याला धड आलीच नाही,
पण वडारी बोलीत शिव्या अशा द्यायचा
की बाया डोक्यावरची पाटी उतरवून हसायच्या.

वालदेवीच्या काठाला सपाट जागा बघून
त्याने दोन खांब पुरले, वर आडवं लाकूड ठोकलं.
पोरं म्हणाली, इथे विहीर? रहाट बसवायचा?
तो म्हणाला, आमच्याकडे खाणीचं तोंड असंच असतं.
मागे अंधार आहे समज.
इथे उभं राहायचं, आत काही जाऊ द्यायचं नाही.
आजा उभा राहिला. वय पंधरा,
तळहाताला घणाचे घट्टे.

देवळालीच्या पलटणीशी तीन सामने झाले.
नऊ-शून्य. सहा-शून्य.
तिसरा चार-एक.
उरत्याचा गुडघा जुन्या खाणीतच राहिलेला,
तो रेषेबाहेरून नुसता ओरडत होता.
तो एक गोल तिम्मा विटकरचा, अनवाणी,
कपाळाला लागून चेंडू कुठे गेला हे त्यालाच कळलं नाही.
गोऱ्या पंचाने बराच विचार करून शिट्टी वाजवली.

त्याच उन्हाळ्यात पाथर्डीला, पांडवलेण्याच्या अंगाला,
बत्तीस हातांवर सुरुंग उडाला
आणि पाण्याऐवजी पोकळी निघाली.
आजा कंदील धरून आत वाकला.
भिंतींना हिरवं, गुलाबी, काचेचं पीक.
उरत्या दोराने उतरला. बोलेचना.
मग म्हणाला, किंमत शून्य,
आणि डोक्यावरची टोपी काढली.
वरून पाटील ओरडत होता, पाणी कुठाय?
फोडलं ते सगळं, पाट्या भरभरून बांधावर टाकलं.
आणखी आठ हातांवर झरा लागला.
हल्ली सिन्नर रस्त्याला असला तुकडा दिव्याखाली मांडून विकतात.
मी भाव विचारला. विचारायला नको होता.

शेवटाबद्दल घरात दोन मतं.
चुलता म्हणायचा, त्याच्या देशात भावकी बंदुका घेऊन उठली,
पत्र आलं आणि तो गेला.
आजी म्हणायची, पत्र यायचं थांबलं, म्हणून गेला.
नाशिक रोडला आजा पोचवायला होता.
गाडी हलताना त्याने खिडकीतून फोटो दिला
आणि पितळी ओळंबा.

गोलाचे खांब पुढच्या साली कुणीतरी रहाटाला नेले.
आजा चिडला नाही.
म्हणाला, लाकडाला काय, आडवं पडायचंच.

आता पाचशे फुटांवरही पांढरी धूळच उडते.
ओळंबा माझ्या गाडीत, काचेपाशी,
लिंबू-मिरचीच्या शेजारी लोंबतो.
खड्ड्यांत नाचतो.
गाडी उभी केली की जरा वेळाने तोही उभा राहतो,
मग मी उतरतो, विचारतो,
बोला, कुठे पाडायचं?